पायरी नसलेलं राज्य

अनंता घाडी यांचा खालचा ओठ कायम लाल असायचा. चाळीत नवीन आलेल्याला वाटायचं, माणूस पान खातो. पान त्यांनी कधी तोंडात धरलं नाही. ते गिरणीत डिझाइन खात्यात होते. साडीच्या काठावरची कोयरी, मोर, वेल, जे जे कापडात विणून येतं ते आधी घरं आखलेल्या कागदावर रंगवावं लागतं. एक घर म्हणजे एक धागा. धागा वर उचलायचा असेल तर घर लाल भरायचं, नसेल तर सोडायचं. दिवसभर ब्रशचं टोक ओठात धरून टोकदार करायचं आणि घरं भरायची, हे त्यांचं काम. तोंडातल्या तोंडात मोजत राहायचे, "आठ भर, तीन सोड, आठ भर." गिरणी बंद झाली तरी ओठाचा रंग गेला नाही, कारण घरं भरणं थांबलं नाही. साडीच्या जागी बेट आलं, एवढंच.

गेल्या वर्षी ते गेले. चाळीतली जुनी माणसं भेटली की बेटाचा विषय काढतात आणि गोड हसतात. मला ते बेट कधी आवडलं नाही हे आधीच सांगते. पण घाडींबद्दल सांगायचं तर बेट सोडून सांगता येत नाही.

आम्ही लालबागला तिसऱ्या मजल्यावर राहायचो. त्यांची खोली आमच्या भिंतीला लागून. माझ्या नवऱ्याचे ते दोस्त, म्हणून मी त्यांना भावजी म्हणायची. घरात दोनच माणसं, भावजी आणि त्यांची मुलगी मंदा. बायको काविळीने गेली तेव्हा मंदा सहा वर्षांची होती. दहाव्या वर्षी मंदाचे पाय गेले. एकदम नाही. आधी जिन्यात पडायला लागली, मग भिंत धरून चालायला लागली, मग उभं राहता येईना. चौथीनंतर शाळा बंद. माझीही चौथीनंतरच बंद झाली होती, पण माझे पाय चांगले होते.

मोठ्या हॉस्पिटलात दाखवून आले त्या दिवशी भावजी माझ्या दारात उभे राहिले. म्हणाले, "वहिनी, स्नायूंचा आजार आहे. वाढत जाणार. औषध नाही म्हणाले."

मी म्हटलं, "मग आता?"

"आता हंडे रिकामे आहेत. नळ यायची वेळ झाली." आणि हंडा घेऊन खाली गेले.

त्याच आठवड्यात आमचं ठरलं. सकाळी नळावर माझं पाणी ते भरणार आणि मंदाला आंघोळ मी घालणार. यात उपकार कोणाचाच नव्हता. माझे गुडघे दुखायचे, आणि मुलगी मोठी होत होती, बापाने आंघोळ घालणं बरं दिसलं नसतं. चोवीस वर्षं मी त्या मुलीला आंघोळ घातली. तिच्या अंगावर तीळ कुठे कुठे होते ते मला अजून पाठ आहे.

मंदाची खाट गॅलरीच्या दाराशी होती. तिच्या डोक्यावर छताला गळतीचा डाग होता. गच्चीतून पाणी झिरपायचं. मध्ये पिवळट, कडेला तपकिरी, असा खाटेएवढा डाग. मंदा दिवसभर उताणी पडलेली, दुसरं बघणार काय? ती म्हणायची, ते बेट आहे. ही मोठी नदी, हे डोंगर, हे बंदर. दुसऱ्या कोणी म्हटलं असतं, बरं बाय, बेट तर बेट. भावजींनी स्टुलावर चढून छताला बारीक खिळे ठोकले आणि उभे-आडवे दोरे ताणून सगळ्या डागाला चौकटी पाडल्या. गिरणीतून आणलेल्या कागदाच्या गुंडाळ्या माळ्यावर होत्या. एकेक चौकट बघून त्यांनी बेट कागदावर उतरवलं. पंधरा दिवस लागले.

कागद बघून मंदा म्हणाली, "बाबा, वर आपलं बेट पसरट आहे. इथे उंच का झालं?"

"कागदाची घरं उभी लांबट आहेत, बाय. चौरस नाहीत." मग त्यांनी सांगितलं की हा कागद एका जातीच्या कापडासाठी केलेला, पण खात्यात सगळ्याच कापडांना तोच वापरायचे. कागदावर मोर ताणल्यासारखा दिसायचा, कापडात नीट बसायचा. "आपण डोळ्यांनी बघायचं नाही, घरं मोजायची. विणल्यावर बरोबर होतं."

हे वाक्य पुढे त्या घरात सगळ्याला लागू झालं. आमटी खारट झाली, पंखा बंद पडला, मंदाच्या वयाच्या मुली दहावी झाल्या आणि ती खाटेवरच राहिली, की बाप नाही तर लेक म्हणायची, "विणल्यावर बरोबर होईल." मी एकदा म्हटलं, "भावजी, विणणार कोण? माग भंगारात गेले." ते हसले.

बेटाचं नाव शंखाणे. मंदाने ठेवलं. त्या राज्याचे पाच मुलूख होते. उगवतीला मिठागरं, तिथल्या माणसांच्या पापण्या मिठाने पांढऱ्या. दक्षिणेला सुरंगीचं रान, वास इतका दाट की गलबतं त्या वासावरच वाट काढायची. मावळतीला भातजमीन. उत्तरेला डोंगर आणि त्यावर सात किल्ले. मध्ये दलदल, तिचं नाव काळवण, आणि काळवणाच्या मधोमध राजधानी निवाणी. नदी डोंगरातून निघायची, पण समुद्राला मिळायची नाही, निवाणीच्या तळ्यात संपायची. बंदराच्या तोंडाशी पंख असलेली एक सुसर बसलेली असायची. येणाऱ्या प्रत्येक गलबताला ती एकच विचारायची, परत कधी जाणार? परत जाणार नाही असं म्हणेल त्यालाच आत सोडायची.

आणि या सगळ्या राज्यात पायरी नव्हती. एकही नाही. सातही किल्ल्यांवर डोंगराला वळसे घालत उतार चढत गेलेले, बैलगाडी वरपर्यंत जाईल असे. निवाणीच्या वाड्याला उंबरठासुद्धा नव्हता. राजाला सिंहासन नव्हतं, सिंहासनाला पायऱ्या लागतात, म्हणून तो गादीवर बसायचा. कोणी गवंड्याने चुकून पायरी घडवली तर त्याला समुद्रातल्या एका खडकावर सोडायचे. त्या खडकावर नुसत्या पायऱ्याच होत्या, कुठेही न जाणाऱ्या.

हे मी आंघोळ घालता घालता ऐकायची. मंदा सांगायची, मी पाठ घासायची. मला वाटायचं, बापाने पोरीला वेड लावलंय. तसं मी त्यांना तोंडावर सांगितलं. ते म्हणाले, "वहिनी, खाली उतरता येत नाही तिला. मग जाईल कुठे?"

डाग दर पावसाळ्यात बदलायचा. ओल वाढली की शंखाण्याला नवी जमीन लागायची. पोपडा पडला की समुद्राने मुलूख गिळला. दसऱ्यापर्यंत भावजी नवा नकाशा करायचे. एका वर्षी भातजमिनीचा निम्मा तुकडा रात्रीतून मंदाच्या पांघरुणावर पडला. सकाळी मी गेले तर बापलेक चुना झटकत गंभीरपणे बोलत होते की तिथल्या माणसांना कुठे वसवायचं. सुरंगीच्या रानात नको, असं मंदाचं म्हणणं होतं, वासाने त्यांना झोप लागणार नाही.

एकदा दुरुस्तीवाले आले. छत खरवडून गिलावा करणार होते. मंदा किंचाळायला लागली. अशी की दुसऱ्या मजल्यावरची माणसं वर धावली. भावजींनी त्या गवंड्याला चहा पाजला, काम झालं म्हणून कागदावर सही केली आणि परत पाठवला. मी म्हटलं, "भावजी, ओल आहे घरात. पोरीची छाती तशीच नाजूक. छत करून घ्या." ते म्हणाले, "तिचं सगळं तिथे आहे, वहिनी." त्या ओलीनेच पुढे तिची छाती बिघडली असं माझं मत आहे. हे मी त्यांना बोलले होते. पुढे काय झालं त्यात माझा हात मोठा की त्या ओलीचा, हे मी ठरवत बसत नाही. दोन्ही होतं.

रविवारी गॅलरीत माणसं जमली की मंदा जमिनी वाटायची. भावजी नकाशा गुडघ्यावर पसरून बसायचे, ओठात ब्रश. चाळीचे सेक्रेटरी परब मालवणकडचे, त्यांना भारी मजा यायची.

"घाडीनू, माका समुद्राकडली जागा होई हां. सी-फेसिंग!"

मंदा आतून ओरडायची, "परबकाका, तिथे सुसर आहे."

"मगे काय झाला? बायलेक फुडे धाडतंय. सुसर पळान जायत."

परबीण आतून लाटणं घेऊन यायची. सगळे हसायचे. असं करत कोणाला भातशेत मिळालं, कोणाला मिठागर, एकाला तर अख्खा किल्ला. मी म्हटलं, "मला काय?" मंदाने छताकडे बोट केलं. जिथे लोखंडी तुळई जायची तिथला एक काळा, कोरडा तुकडा होता. "तो इंदूकाकूचा कातळ."

मला राग आला. परबाला समुद्र आणि मला कातळ? तिथे गवत तरी उगवतं का?

"नाही उगवत," मंदा म्हणाली. "पण कातळ बुडत नाही, काकू. सगळं गेलं तरी तो राहणार."

भावजींनी ती घरं लाल भरली. दरवर्षी सगळ्यांच्या जमिनी हलायच्या. माझी एकदाही हलली नाही.

सुरुवातीला भावजी मंदाला पाठीवर घेऊन खाली उतरायचे. गणपतीत, डॉक्टरकडे, कधी नुसतंच कोपऱ्यावर भेळ खायला. दोन्ही हात मागे नेऊन बोटांत बोटं अडकवायची, त्यावर ती बसायची. जिना लाकडी, अरुंद. प्रत्येक मजल्याला दोन वळणं. "अकरा, वळ. अकरा, वळ," असं मोजत उतरायचे. गिरणीतली सवय. ऐकून आम्हाला घरात बसल्या कळायचं, मंदा आता कुठल्या मजल्यावर पोचली.

मग चाळीला टेकू लागले. जिना कोसळेल म्हणून प्रत्येक वळणावर लोखंडी खांब ठोकले. वाट आणखी अरुंद झाली. त्याच सुमाराला एकदा उतरताना भावजींच्या कमरेत चमक भरली आणि मंदाला घेऊन ते पायरीवर खाली बसले. तेव्हा त्यांना पासष्ट झाली होती. त्यानंतर मंदा तीन वर्षं खाली आली नाही.

एकदा आंघोळीच्या वेळी ती मला म्हणाली, "काकू, शंखाण्याच्या चारी बाजूंना समुद्र आहे. आणि मी समुद्र शेवटचा बघितला तो तिसरीत. लाटेचा आवाज विसरले मी." वरळीचा समुद्र आमच्यापासून टॅक्सीने किती लांब? मुलगी तिशीला आलेली आणि समुद्र आठवत नाही.

मी हे भावजींना सांगितलं. सांगायला नको होतं.

त्यांनी टेप घेऊन जिन्याचं प्रत्येक वळण मोजलं. टेकू मोजले, पायऱ्या मोजल्या. घरांच्या कागदावर सगळा जिना काढला. एक घर म्हणजे एक इंच. पालखीसारखी दांडे असलेली खुर्ची काढली, तेवढा पुठ्ठा कापला आणि कागदावरच्या जिन्यातून तो फिरवत फिरवत खालपर्यंत आणून दाखवला. "बघा वहिनी, कुठे अडत नाही." मी बघितलं. खरंच अडत नव्हता. गॅसकंपनीच्या गल्लीत एक म्हातारा सुतार होता, त्याच्याकडून सागवानी खुर्ची करून घेतली. बसायला गादी, पाय ठेवायला फळी, कमरेला पट्टा.

शनिवारी दुपारी निघालो. मंदाला मी परकर-पोलकं नाही, चांगली हिरवी साडी नेसवली. केसांत अबोली. पुढचा दांडा माझ्या मुलाने आणि परबाच्या पुतण्याने धरला, मागचा आणखी दोघांनी. खाली टॅक्सी थांबवलेली. भावजी पुढे उलटे उतरत होते, मोजत, "अकरा, वळ." पहिली दोन वळणं दांडे तिरपे करून, घासत का होईना, गेली. दुसऱ्या मजल्याच्या वळणावर खुर्ची टेकूत अडकली.

पुढे जाईना, मागे येईना. डावा दांडा खांबाखाली, उजवा कठड्यात. मंदा कलंडलेली, पट्ट्यावर लटकत. पोरं घामाघूम. कोणी म्हणतंय वर उचल, कोणी म्हणतंय तिरकी कर. खालून टॅक्सीवाला भोंगा वाजवतोय. भावजी कागद उघडून भिंतीला टेकून उभे, घरं मोजतायत. "बरोबर आहे. घरं बरोबर आहेत, वहिनी. चार इंच जागा राहते इथे."

मंदाच पहिल्यांदा बोलली. लटकलेल्या खुर्चीतून. "बाबा, कागद उभा लांबट आहे ना."

ते थांबले.

पुठ्ठा त्यांनी आडवा धरून कापला होता. आडव्या घरांत तो बरोबर होता. पण वळणावर फिरून उभा झाला की त्या लांबट घरांत तो कमी घरं खायचा. कागदावर खुर्ची वळताना आखूड होत होती. खऱ्या लाकडाला आखूड होता येत नाही. शाळेतल्या साध्या चौकटीच्या वहीवर काढलं असतं तर कोणाही पोराला दिसलं असतं. पस्तीस वर्षं त्यांनी त्या कागदावर डोळ्यांनी बघायचं नाही, मोजायचं, एवढंच केलं होतं. ही चूक दुसऱ्या कोणाच्या हातून झालीच नसती.

सुताराला बोलावून दांडे कापले. सव्वा तास गेला. तोवर मंदाचे पाय सुजून निळे पडले होते. माझ्या मुलाने तिला खांद्यावर टाकून वर आणली. खाटेवर ठेवल्यावर ती हसली आणि म्हणाली, "असू दे बाबा. विणल्यावर बरोबर होईल." जमलेली माणसंही हसली, बरं वाटावं म्हणून.

भावजी हसले नाहीत. ते वाक्य त्यांच्या तोंडून मी परत ऐकलं नाही.

रीडेव्हलपमेंटचं बोलणं तेव्हा सुरू होतं. बिल्डर ठरला, नकाशे आले. बावीस मजली इमारत, लिफ्ट. इमारत उभी राहीपर्यंत ट्रान्झिटच्या घरात जायचं, तिथेही लिफ्ट होती. ट्रान्झिटच्या चाव्या तयार होत्या, सह्या पुऱ्या झाल्या की दोन महिन्यांत हलायचं. चार सह्या कमी पडत होत्या. त्यातली एक माझी.

कारण सांगते. आमच्या गॅलरीचा एक तुकडा आम्ही पत्रे लावून बंद केलेला होता, तिथे मुलगा-सून झोपायचे. बिल्डर तो तुकडा नव्या घराच्या जागेत मोजायला तयार नव्हता. मुलगा म्हणाला, "आई, आता सही केलीस तर गेला तो तुकडा कायमचा. अडून राहा, देतील." मी अडून राहिले. बाकीच्या तिघांचीही अशीच कारणं होती. परब रोज यायचे. "काकू, सगळी चाळ थांबलीय." मी म्हणायची, थांबू दे.

भावजी एकदाच आले. सही करा असं म्हणाले नाहीत. एक कागद घेऊन आले होते. साधा, चौरस घरांचा, दुकानातून विकत आणलेला. त्यावर लिफ्ट काढली होती. ट्रान्झिटच्या इमारतीत जाऊन टेपने मोजून आले होते. म्हणाले, "वहिनी, खाट आडवी जाते. मंदाला उठवायचीसुद्धा गरज नाही. झोपल्या झोपल्या खाली."

मी म्हटलं, "मुलाला विचारते."

"विचारा," म्हणाले. कागदाची घडी घातली आणि गेले. दुसऱ्या दिवशी नळाचं पाणी नेहमीसारखं भरून ठेवलेलं होतं.

वर्ष गेलं. मग अर्धं आणखी.

त्या पावसाळ्यात मंदाला ताप भरला. छातीत घरघर. तिसऱ्या दिवशी सकाळी दहाच्या सुमाराला ओठ निळे दिसायला लागले. अ‍ॅम्ब्युलन्स बोलावली. ती लगेच आली, त्यात कोणाचा दोष नाही. माणसं स्ट्रेचर घेऊन वर यायला लागली आणि दुसऱ्या मजल्याच्या वळणावर अडली. त्याच टेकूपाशी. भावजी म्हणाले, "माझ्या पाठीवर द्या. मी नेतो, मला वाट माहीत आहे." सत्तरी ओलांडलेला माणूस, कमरेतून वाकलेला. त्यांना कोणी दिली नाही. चादरीची झोळी करून चौघांनी उतरवली. भावजी पुढे उलटे उतरत होते. मी वर कठड्याशी उभी होते. "अकरा, वळ," मला ऐकू येत होतं. "अकरा, वळ." आवाज खाली खाली गेला.

मंदा जिन्यात गेली की गाडीत गेली, हे कोणाला नक्की सांगता आलं नाही.

तेराव्याच्या आधी मी सही केली. परब म्हणाले, "बरं झालं काकू." बाकीच्या तिघांनीही आठवड्यात केल्या. बिल्डरने तो गॅलरीचा तुकडा शेवटी मोजला. नव्या घरात तो मला मिळाला आहे. तिथे आता कपाट आहे.

खोल्या रिकाम्या करायच्या दिवशी मी त्यांच्याकडे गेले. ते स्टुलावर चढून छताचे दोरे सोडवत होते आणि गिरणीतल्यासारखे हाताला गुंडाळत होते. नकाशांची मोठी चळत कोपऱ्यात. चोवीस वर्षांचे नकाशे. मी म्हटलं, "हे तरी न्या."

"ते छताचं आहे, वहिनी. छताबरोबर जाऊ दे."

मग मी विचारलं. दीड महिना पोटात ठेवलं होतं. "भावजी, मी सही आधी केली असती तर?"

ते खाली उतरले. गुंडाळी नीट केली, टोक आत खोचलं. राग नव्हता त्यांच्या आवाजात. असता तर बरं झालं असतं.

"तुमचा कातळ होता, वहिनी," ते म्हणाले. "कातळ हलत नाही."

नव्या इमारतीत त्यांना नववा मजला मिळाला, आम्हाला अकरावा. मी कधीमधी डबा घेऊन जायची. खोलीत एक खाट, एक खुर्ची, बाकी काही नाही. खाटेवर उताणे पडलेले असायचे. वर छत पांढरं, गुळगुळीत, कुठे रेघ नाही. एकदा मी वर बघितलेलं त्यांनी पाहिलं. म्हणाले, "डाग पडत नाही इथे. काम चांगलं केलंय." मी डबा ठेवला. तेव्हा माझ्या लक्षात आलं की त्यांचा ओठ तुमच्या-आमच्यासारखा झालाय. सगळा लाल रंग गेला होता. त्या ओठाचा माणूस मी ओळखत नव्हते.

ते जायच्या आधीच्या आठवड्यातली गोष्ट. सकाळी दूध घेऊन मी खाली लिफ्टपाशी उभी होते. बाजूला जिन्याचं दार असतं, ते कोणी वापरत नाही. ते उघडं होतं. भावजी जिना चढत होते. तीन-चार पायऱ्या चढले असतील. कमरेतून वाकलेले, आणि दोन्ही हात मागे नेऊन बोटांत बोटं अडकवलेली.

मी म्हटलं, "भावजी, लिफ्ट चालू आहे. नऊ मजले चढणार काय?"

त्यांनी मान वळवली. श्वास लागला होता. हात सोडले नाहीत.

"तुम्ही व्हा पुढे, वहिनी," ते म्हणाले. "आम्ही येतो."

लिफ्ट आली. मी आत गेले. मी एकटी आणि हातात दुधाची पिशवी. लिफ्ट मोठी आहे. खाट आडवी जाते.